किमान वेतनाचे छत : अपघाती मृत्यूच्या भरपाईचा हिशेब आणि आमची माणसे

गांधीबागेच्या कापड बाजारात संध्याकाळी सात-साडेसातला उभे राहून बघा. ट्रान्सपोर्टच्या ऑफिससमोर कापडाच्या गाठी उतरत असतात आणि त्या हातठेल्यावर लादून, ट्रक, ऑटो आणि दुचाक्यांच्या गर्दीतून वाट काढत, हमाल त्या दुकानापर्यंत ओढत नेत असतो. तो पाचपावलीचा असतो, नाईक तलावचा असतो, बांगलादेश वस्तीचा असतो. बौद्ध असेल, हलबा असेल, तेली असेल, मुसलमान असेल. नागपूरचा ठोक कापड धंदा त्याच्या खांद्यावर चालतो. पण तो या बाजारात काम करतो असे सांगणारा एकही कागद या बाजारात सापडत नाही.

हा कागद नसणे म्हणजे काय, ते तो जिवंत असेपर्यंत कुणाला कळत नाही. सेंट्रल अव्हेन्यूवर एखाद्या रात्री ट्रकने ठेला उडवला की मग कळते.

अशाच एका घरी आम्ही बसलो होतो. बाईंनी प्लास्टिकच्या पिशवीतून कागद काढून समोर ठेवले. एफआयआर, पंचनामा, मेयोतला शवविच्छेदनाचा अहवाल, आधार, रेशनकार्ड, मुलांचे शाळेचे दाखले. सगळे होते, नवऱ्याच्या कमाईचा पुरावा तेवढा नव्हता. उलटतपासणीत विमा कंपनीच्या वकिलाने त्यांना विचारले होते की तुमचा नवरा दिवसाला सातशे रुपये कमवत होता याला पुरावा काय? बाईंनी उत्तर दिले, रोज रात्री तो पैसे माझ्या हातावर ठेवत होता. हे उत्तर कागदावर उतरले, पण हिशेबात धरले गेले नाही. ज्या सेठकडे तो चौदा वर्षे गाठी ओढत होता, त्याने अंत्यविधीला पाच हजार दिले आणि लिहून द्यायला मात्र नकार दिला. का? लिहून दिले तर आपण हमाल ठेवतो हे कबूल होईल, मग माथाडी मंडळाची नोंदणी, लेव्ही, सगळेच मागे लागेल. १९६९ चा माथाडी कायदा महाराष्ट्राने याच कामासाठी केला होता. मंडळात नोंद असलेल्या हमालाची मजुरी मंडळामार्फत मिळते, म्हणून त्याच्या नावाचा कागद तयार होतो. नोंद नसलेल्याच्या कमाईची साक्षीदार फक्त त्याची बायको!

आता हिशेब मांडू. समजा एकाच ट्रकखाली दोन माणसे गेली. दोघांचेही वय ३४. दोघांच्याही घरी बायको, दोन मुले आणि आई, म्हणजे अवलंबून असलेले चार जण. एक कायम नोकरीतला कारकून, कर वजा जाता पगार ४०,००० रुपये. दुसरा आमचा ठेलेवाला, खरी कमाई महिन्याला १८,०००, पण पुरावा नाही, म्हणून न्यायाधिकरणाने अंदाजाने ९,००० धरले.

कारकुनाच्या ४०,००० मध्ये भविष्यातल्या पगारवाढीचे ५० टक्के मिळवायचे, झाले ६०,०००. स्वतःवर केला असता तो खर्च म्हणून चौथा हिस्सा वजा, राहिले ४५,०००. वर्षाचे ५,४०,०००. चौतीस वर्षांच्या माणसाचा गुणक १६. भरपाई ८६,४०,००० रुपये. ठेलेवाल्याची नोकरी कायम नाही, म्हणून त्याला ५० नव्हे, ४० टक्के. ९,००० चे १२,६००. चौथा हिस्सा जाऊन ९,४५०. वर्षाचे १,१३,४००. सोळाने गुणले की १८,१४,४००. त्याची खरी कमाई धरली असती तर हाच आकडा ३६,२८,८०० झाला असता. म्हणजे एका न मिळालेल्या कागदाची किंमत अठरा लाखांहून जास्त.

यात कोणी जात विचारली नाही. सूत्र सर्वांना सारखे लावले. पण सूत्राच्या पहिल्या चौकटीत जो आकडा भरला जातो, तो आकडा कुठून येतो? तिथेच सगळा इतिहास बसला आहे.

मुळात माणूस मेला तर त्याची भरपाई मागताच येत नाही, अशी इंग्रजी कायद्याची जुनी समजूत होती. जखमी माणूस दावा करू शके, मेलेल्याचा दावा त्याच्याबरोबर संपे. म्हणजे गाडीवाल्याला माणूस लंगडा करण्यापेक्षा ठार करणे स्वस्त पडत होते! त्याऐवजी एक विचित्र प्रथा तिथे होती. ज्या वस्तूने जीव घेतला, ती गाडी, ते चाक किंवा तो घोडा, ती वस्तू किंवा तिची किंमत राजाकडे जमा व्हायची. रेल्वे आल्यावर ही प्रथा कंपन्यांना परवडेना. १८४६ साली ती रद्द झाली आणि त्याच वर्षी मृताच्या कुटुंबाला दावा करण्याचा हक्क देणारा कायदा झाला. भारतात तोच कायदा १८५५ साली आला, १८५५ चा तेरावा कायदा. बायको, नवरा, आईबाप आणि मुले यांच्यासाठी दावा करता येऊ लागला. पण कुठे? दिवाणी कोर्टात, रकमेच्या प्रमाणात कोर्ट फी भरून. ज्याच्या घरात चूल पेटायची भ्रांत, तो ही फी कुठून भरणार? म्हणून तो कायदा शंभर वर्षे पुस्तकात राहिला आणि आमच्या वस्त्यांपर्यंत पोचला नाही.

नागपूरच्या माणसांना भरपाई हा शब्द रस्त्याने नव्हे, गिरणीने शिकवला. एम्प्रेस मिल १८७७ साली सुरू झाली. तिने १८९५ पासून अपघाताची भरपाई देणे सुरू केले, असे टाटांच्या इतिहासात अभिमानाने सांगितले जाते. ते खरे आहे आणि त्या काळाच्या मानाने मोठेच पाऊल होते. पण मालकाची कृपा आणि कामगाराचा हक्क यांत फरक असतो. हक्क आला तो १९२३ च्या कामगार भरपाई कायद्याने. या कायद्यात कामगाराचा मृत्यू झाला तर तीस महिन्यांची मजुरी किंवा अडीच हजार रुपये, यांत जे कमी असेल ते. मालकाची चूक सिद्ध करायची गरज नाही, दिवाणी कोर्टाची पायरी नाही.

पण ‘तीस महिन्यांची मजुरी’ या चार अक्षरी दिसणाऱ्या साध्या हिशेबात काय दडले होते ते बघा. मुंबईच्या गिरण्यांत अस्पृश्य कामगारांना विणकाम खात्यात घेत नसत. कांडीचा धागा तोंडाने ओढावा लागे, तो विटाळतो म्हणून. विणकाम खात्यात मजुरी जास्त, आमचे लोक कमी मजुरीच्या खात्यांत. १९२८ च्या संपात बाबासाहेबांनी हा प्रश्न कामगार पुढाऱ्यांसमोर रोखठोक मांडला होता. आता त्याच गिरणीत दोन कामगार मेले, एक विणकर आणि एक आपला, तर दोघांच्या विधवांना मिळणारी रक्कम सारखी असेल का? जातीने मजुरी ठरवली आणि मजुरीने भरपाई ठरवली. कायद्यात जातीचा शब्दही नाही!

बाबासाहेब १९४२ ते १९४६ व्हाइसरॉयच्या कार्यकारी मंडळात मजूर मंत्री होते. युद्धात बॉम्बहल्ल्याने जखमी किंवा मृत झालेल्या कामगारांसाठी १९४३ साली जो भरपाई विमा कायदा झाला, तो त्यांच्या खात्याचा. भरपाईची जबाबदारी मालकावर आणि ती बुडू नये म्हणून विमा घेणे मालकाला सक्तीचे. भरपाईचा हक्क कागदावर देऊन चालत नाही, त्यामागे पैसा उभा करावा लागतो, हे त्या कायद्याचे सूत्र. १९४७ च्या ‘स्टेट्स अँड मायनॉरिटीज’ मध्ये ते त्याच्याही पुढे गेले. विमा हा राज्याच्याच मालकीचा हवा आणि प्रत्येक प्रौढ नागरिकाला त्याच्या मजुरीच्या प्रमाणात आयुर्विमा सक्तीचा हवा, अशी मागणी त्यांनी राज्यघटनेच्या मसुद्यात घालून ठेवली. आयुर्विमा १९५६ साली राष्ट्रीय झाला, सर्वसाधारण विमा १९७२ च्या कायद्याने १ जानेवारी १९७३ पासून. १९९९ नंतर दार पुन्हा खाजगी कंपन्यांना उघडले. प्रत्येक नागरिकाच्या सक्तीच्या विम्याचे काय झाले, हे मात्र कोणी विचारत नाही. ती मागणी मान्य झाली असती तर त्या बाईंना कोर्टात उभे राहून नवऱ्याची रोजी सिद्ध करावी लागली नसती.

रस्त्यावरच्या मृत्यूसाठी मोटार विम्याची सक्ती १९३९ च्या मोटार वाहन कायद्यात लिहिली गेली, ती लागू व्हायला १ जुलै १९४६ उजाडला. तीही मर्यादित. मालवाहू ट्रकने माणसे मारली तर विमा कंपनीची जबाबदारी एकंदर वीस हजारांपर्यंत, पुढे १९६९ च्या दुरुस्तीने पन्नास हजार, १९८२ मध्ये दीड लाख. १९५६ च्या दुरुस्तीने दावा न्यायाधिकरणे आली, दिवाणी कोर्टाचा तो डोंगर थोडा उतरला. १९८२ साली आणखी एक चांगली गोष्ट झाली. चूक कोणाचीही असो, मृत्यूबद्दल पंधरा हजार रुपये द्यायचेच. ही रक्कम १९८८ च्या कायद्यात पंचवीस हजार आणि १९९४ मध्ये पन्नास हजार झाली. आकडे लहान आहेत. पण लक्षात घ्या, या रकमेसाठी मृताची कमाई विचारली जात नव्हती. सेठ आणि हमाल, दोघांना सारखी.

१९९४ ची दुरुस्ती गरिबांसाठी आहे असे तेव्हा सांगितले गेले. वार्षिक चाळीस हजारांपर्यंत उत्पन्न असलेल्यांसाठी तयार तक्ता दिला, वय आणि उत्पन्न बघा आणि रक्कम काढा. हेतू चांगला होता. पण त्याच तक्त्यात लिहिले होते की ज्याला कमाई नाही त्याचे उत्पन्न वर्षाला पंधरा हजार मानावे. दिवसाचे सुमारे एक्केचाळीस रुपये. आणि कमाई नसलेल्या बायकोची किंमत? कमावत्या नवऱ्याच्या उत्पन्नाच्या एक-तृतीयांश. हा तक्ता २०१८ च्या मे महिन्यापर्यंत तसाच होता. चोवीस वर्षे! या चोवीस वर्षांत खासदारांचे पगार किती वेळा वाढले ते वाचकांनी स्वतः आठवावे. तक्त्यात चुका आहेत हे सर्वोच्च न्यायालयाने १९९६ सालीच सांगितले होते.

घरकाम करणाऱ्या बाईबद्दल २०१० साली सर्वोच्च न्यायालयाने जनगणनेवर ताशेरे ओढले. २००१ च्या जनगणनेत गृहिणींना भिकारी, वेश्या आणि कैदी यांच्या रांगेत, काम न करणाऱ्यांत, मोजले होते. न्यायालयाने ते चूक ठरवले आणि २०२१ च्या निकालाने गृहिणीच्या मानीव उत्पन्नावर भविष्यातली वाढही धरायला सांगितले. चांगले झाले. पण आमच्या वस्तीतली बाई नुसती गृहिणी कुठे असते? सकाळी चार घरची धुणीभांडी, दुपारी पापड किंवा अगरबत्ती, संध्याकाळी स्वतःचे घर. तिच्या बाहेरच्या कामाचा पुरावा नाही म्हणून ती गृहिणी, आणि घरातल्या कामाची किंमत अंदाजाने. दोन्हीकडून तिचेच नुकसान.

लहान मुलांच्या हिशेबात तर सगळेच उघडे पडते. मूल कमावत नाही, मग मोजायचे कशावर? १९८९ मध्ये जमशेदपूरला पोलाद कंपनीच्या कार्यक्रमात आग लागून माणसे आणि मुले दगावली. हा रस्ता अपघात नव्हता, पण २००१ चा त्यावरचा निकाल अपघाताच्या दाव्यांत सतत दाखवला जातो. दहा ते पंधरा वयाच्या मुलांसाठी वर्षाचे बारा हजार धरले होते. न्यायालयाने ते चोवीस हजार केले. कारण दिले ते असे की बाप कंपनीत कर्मचारी आहे आणि कर्मचाऱ्याच्या एका मुलाला नोकरी देण्याची कंपनीत प्रथा आहे. त्या आईबापांना जास्त मिळाले याचे आम्हाला दुःख नाही, त्यांना आणखी मिळायला हवे होते. पण तर्क नीट बघा. बापाच्या जागेवर मुलाचे भविष्य मोजले. मग हातठेला ओढणाऱ्याच्या मुलीचे भविष्य कशावर मोजणार? ती यूपीएससी देणार नव्हती, हे कोणी ठरवले? श्रेणीबद्ध विषमता म्हणजे दुसरे काय असते?

हिशेबाला शिस्त आणण्याचे काम दोन निकालांनी केले हे कबूल केले पाहिजे. २००९ च्या सरला वर्मा निकालाने गुणकांचा एक तक्ता आणि खर्चाच्या वजावटीचे प्रमाण ठरवून दिले. त्याआधी एकाच वयाच्या माणसाला एका न्यायाधिकरणात बारा आणि दुसरीकडे अठरा गुणक लागायचा. ३१ ऑक्टोबर २०१७ च्या प्रणय सेठी निकालात पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने, पगारदार नसलेल्यांनाही भविष्यातली वाढ द्यायला सांगितले. चाळिशीच्या आत ४० टक्के. हा मोठा विजय होता, कारण त्यापूर्वी हमाल, भाजीवाला, रिक्षावाला यांची कमाई जणू आहे तिथेच गोठून राहणार असे धरले जाई. तरीही ५० आणि ४० चा भेद राहिलाच. महानगरपालिकेच्या कायम सफाई कामगाराला ५०, तोच झाडू मारणाऱ्या ऐवजदाराला किंवा कंत्राटी कामगाराला ४०. आमच्या ठेलेवाल्याच्या १८,००० वर हा दहा टक्क्यांचा फरक २,५९,२०० रुपये होतो. कंत्राटीकरण माणसाला मेल्यावरही सोडत नाही!

याच निकालाने पतीच्या किंवा पत्नीच्या सहवासाच्या हानीसाठी चाळीस हजार ठरवले, दर तीन वर्षांनी दहा टक्के वाढ धरून आता ४८,४००. हे कारकुनाच्या विधवेला आणि ठेलेवाल्याच्या विधवेला सारखे. संपूर्ण हिशेबात समतेची ही एवढी छोटी ओळ आहे.

आमच्याशी वाद घालणारे वकील मित्र म्हणतात की भरपाई म्हणजे जिवाची किंमत नव्हे, कुटुंबाचे झालेले आर्थिक नुकसान आहे. जास्त कमावणाऱ्याच्या घरचे नुकसान जास्त, यात अन्याय कसला? मुद्दा बरोबर आहे. म्हणूनच आम्ही कारकुनाचे ८६ लाख कमी करा असे म्हणत नाही. आमचे म्हणणे असे आहे की हा नियम मान्य केला तरी आमच्या माणसांच्या बाबतीत तो पाळला जात नाही. त्यांच्या खऱ्या नुकसानीवर नव्हे, त्यांच्या कागदावर भरपाई दिली जाते.

कागद नसला की न्यायाधिकरण कशाकडे बघते? पुष्कळदा किमान वेतनाच्या अधिसूचनेकडे. आता किमान वेतनाचे विधेयक कोणी मांडले ते आठवा. ११ एप्रिल १९४६, केंद्रीय कायदेमंडळ, मजूर मंत्री डॉ. बाबासाहेब आंबेडकर. ते १९४८ साली कायदा झाले. त्याचा अर्थ असा की याच्या खाली कोणालाही राबवून घेता येणार नाही. ती जमीन होती, छत नव्हते. आज विमा कंपन्यांचे वकील तीच अधिसूचना दाखवून म्हणतात, याच्यावर देऊ नका. बाबासाहेबांनी घातलेला पाया उचलून आमच्याच डोक्यावर छत म्हणून ठेवला आहे. सर्वोच्च न्यायालयाने हे अनेकदा नाकारले आहे. २०११ साली एका मजुराची पुराव्याविना सांगितलेली महिना ४,५०० ची कमाई मान्य केली, २०१४ साली एका भाजीविक्रेत्याची ६,५०० धरली, आणि २०२२ मध्ये स्पष्ट केले की कमाईचा दुसरा पुरावा समोर असताना किमान वेतनाची अधिसूचना ही अंतिम मर्यादा मानता येत नाही. पण खालच्या टेबलावर हे निकाल कोणी दाखवले तरच दिसतात. शिवाय लोकअदालतीत ‘आज घ्या, नाहीतर दहा वर्षे थांबा’ असे ऐकल्यावर घरातली म्हातारी सही करून मोकळी होते.

कागदाची गोष्ट वाहनालाही लागू आहे. मालवाहू ट्रक किंवा टेम्पोत बसून कोण जाते? वऱ्हाडी, ऊस आणि विटांचे मजूर, एकेकाळी ट्रक भरभरून दीक्षाभूमीला येणारे आमचे आईबाप. डिसेंबर २००२ मध्ये आशा राणी खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने ठरवले की मालवाहू गाडीत फुकट बसलेल्या प्रवाशाची जबाबदारी विमा कंपनीवर नाही. गाडीमालकाकडून वसूल करा. एका जुन्या टेम्पोवर जगणाऱ्या मालकाकडून दहा लाख वसूल होतात का? काही प्रकरणांत कोर्टाने कंपनीला आधी पैसे देऊन नंतर मालकाकडून वसूल करायला सांगितले आहे, पण तो हक्क नाही, त्या त्या कोर्टाची दया आहे. बस न मिळणाऱ्याने ट्रकमध्ये बसायचे आणि ट्रकमध्ये बसला म्हणून त्याचे मरण विम्याबाहेर!

२०१९ च्या दुरुस्तीने १ एप्रिल २०२२ पासून दोन गोष्टी झाल्या. चूक सिद्ध न करता मृत्यूसाठी पाच लाख, अज्ञात वाहनाने मारले तर दोन लाख. हे स्वागतार्ह, पण पाच लाख स्वीकारले की मोठा दावा सोडावा लागतो, हे सही घेताना बहुधा सांगितले जात नाही. दुसरी गोष्ट म्हणजे सहा महिन्यांची मुदत परत आली, जी १९९४ साली काढून टाकली होती. या मुदतीला आव्हान दिले गेले आहे, तरी त्या भरवशावर कोणी बसू नये. नवरा गेल्यावर सहा महिने बाई घराबाहेर पडत नाही अशा घरांत ही मुदत काय करते, ते वेगळे सांगायला नको.

आम्ही आता गांधीबाग, इतवारी आणि लष्करीबागेत एक साधे काम सुरू केले आहे. ज्या हमालाची, ठेलेवाल्याची, धुणीभांडी करणाऱ्या बाईची भेट होते, तिला किंवा त्याला सांगतो की मजुरी फोनवर घ्या, निदान आठवड्यातून एकदा. बँकेत टाका, रक्कम लहान असली तरी टाका. बचत गटाच्या वहीत लिहा. ई-श्रमवर खरी कमाई लिहा, कमी लिहून काही सवलत मिळते हा गैरसमज आहे. माथाडी मंडळात नोंदीचा अर्ज द्या आणि तो फेटाळला तर फेटाळल्याचा कागद जपून ठेवा, तोही पुरावा आहे. आणि अपघात झालाच तर सोबत काम करणाऱ्या दोघांनी साक्षीला उभे राहायचे, रोजी बुडाली तरी.

त्या बाईंचे अपील दाखल झाले आहे. नवऱ्यासोबत गाठी ओढणारे दोघे साक्ष द्यायला तयार आहेत. सेठचा एक जुना माल-पोचीचा कागदही सापडला, त्याच्या मागे पेन्सिलने त्या आठवड्याच्या खेपा आणि मजुरी लिहिली आहे, तारखेसकट. बेरीज केली तर दिवसाला सातशे वीस निघतात.